खोडकर मुलाची चित्रे



रेडिओवरून चित्रांविषयी बोलायचे म्हणजे पत्रातून जेवायला वाढण्यासारखे आहे. पण आजचा आपला नायक असा आहे की, त्याचे चित्र समोर नसले तरी तुम्ही त्याला ओळखाल. शाळेतून आल्यावर तो दप्तर एका कोपऱ्यात आणि चपला दुसऱ्या कोपऱ्यात भिरकावतो. गृहपाठ विचारला की त्याचे पोट दुखते, आणि खेळायला हाक आली की ते तत्काळ थांबते. असे एखादे रत्न तुमच्या घरात नसेल, तर शेजारी नक्की असेल. मराठीत या मुलाचे नाव आहे चिंटू.

या चिंटूची आणि माझी पहिली भेट छापील पुस्तकात झाली नाही, एका वहीत झाली. मी तेव्हा सातवीत होतो. आमचे गाव वैनगंगेच्या काठचे. वर्तमानपत्र गावात यायचे ते दुपारच्या एस. टी. ने, आणि तेही नागपूरचे. माझा मामा पुण्याकडे नोकरीला होता. तो रोज सकाळी पेपर वाचून झाला की त्यातली चिंटूची चित्रे कात्रीने कापायचा आणि एका दोनशे पानी वहीत खळीने चिकटवायचा. दिवाळीत तो आला तेव्हा फराळाच्या डब्याबरोबर ती वहीही आली. त्या दिवाळीत फटाके कोणी उडवले, मला आठवत नाही.

पुढे व्हायचे तेच झाले. भूगोलाच्या तासाला पुस्तकाच्या आड ती वही उघडून मी बसलो होतो. गुरुजी केव्हा मागे येऊन उभे राहिले, कळलेच नाही.

"काय करून रायला रे?"

"वाचून रायलो, गुरुजी."

"वाचून रायला, तं मंग हासून काहून रायला?"

वही जप्त झाली आणि हातावर दोन छड्या बसल्या. गुरुजींचा प्रश्न मात्र माझ्या मनात राहून गेला. वाचणे आणि हसणे या दोन गोष्टी एकत्र होऊ शकत नाहीत, असे आपण केव्हापासून मानू लागलो? आजच्या भाषणात या प्रश्नाचा इतिहास थोडक्यात पाहायचा आहे.

चित्रांच्या ओळीतून गोष्ट सांगण्याची कला युरोपात ज्यांनी रुजवली, त्यांतले पहिले महत्त्वाचे नाव एका शिक्षकाचे आहे, हे ऐकून आपल्या शिक्षक श्रोत्यांना बरे वाटेल. स्वित्झर्लंडमधील जिनिव्हा शहरात रोडॉल्फ टॉप्फर नावाचे गृहस्थ मुलांची निवासी शाळा चालवीत. वडील चित्रकार होते. मुलालाही चित्रकारच व्हायचे होते, पण डोळे अधू निघाले आणि ते शाळामास्तर झाले. १८२७ च्या सुमारास ते फावल्या वेळात रेघोट्यांनी गमतीच्या चित्रकथा काढू लागले. एका ओळीत चौकटी आणि प्रत्येक चौकटीखाली दोन-चार वाक्ये, अशी त्यांची पद्धत. विद्यार्थी त्या हातोहात पाहात. महाकवी गटे यांनाही त्या फार आवडल्या. १८३३ साली टॉप्फर यांनी त्यांतली एक कथा छापून काढली. म्हणजे पाहा, आज ज्या प्रकाराला आपण अभ्यासाचा शत्रू समजतो, तो एका मास्तरांच्या टेबलावर जन्माला आला.

या चौकटींच्या गोष्टीत खोडकर मुलगा शिरला तो जर्मनीत. १८६५ साली विल्हेल्म बुश यांनी 'मॅक्स आणि मॉरिट्झ' हे सचित्र पुस्तक काढले. दोन व्रात्य पोरे आणि त्यांच्या सात खोड्या. त्यांतली एक खोडी तर गुरुजींचीच आहे. ही पोरे मास्तरांच्या चिलमीत बंदुकीची दारू भरून ठेवतात. पुढचे सांगायला नको. पण शेवट ऐका. गिरणीवाला त्या दोघांना धान्याबरोबर दळून काढतो आणि ते दाणे बदके खाऊन टाकतात. गावात कोणालाही वाईट वाटत नाही. त्या काळी खोडकर मुलाविषयी मोठ्या माणसांचे मत काय होते, ते यावरून कळते. मुलगा हसवतो खरा, पण हसून झाले की त्याला दळून काढायचे.

याच जोडीवरून अमेरिकेत रुडॉल्फ डर्क्स यांनी १८९७ च्या डिसेंबरात हान्स आणि फ्रिट्झ या दोन भावांची मालिका न्यूयॉर्कच्या एका वर्तमानपत्रात सुरू केली. इथे दळण गेले आणि चोप आला. शेवटच्या चौकटीत आई पोरांना पालथे पाडून बडवते आणि पुढच्या वेळी पोरे पुन्हा तयार. १९५१ च्या मार्च महिन्यात तर मोठा योगायोग घडला. अमेरिकेत हँक केचम यांनी आणि इंग्लंडात 'बीनो' या मुलांच्या साप्ताहिकाने, एकमेकांना काहीही ठाऊक नसताना, डेनिस याच नावाचा द्वाड मुलगा एकाच वेळी वाचकांपुढे आणला. केचम यांच्या तर स्वतःच्या मुलाचेच नाव डेनिस होते. तेव्हा हे पात्र कुठून आले, हे वेगळे सांगायला नको.

यावर शहाणी माणसे गप्प बसली नाहीत. १९५४ साली फ्रेड्रिक वर्थम या अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञाने चित्रकथांनी मुले बिघडतात असे सांगणारे पुस्तक लिहिले. त्यांचा मुख्य रोख मारधाड आणि भयकथांवर होता. अमेरिकेच्या सेनेटच्या समितीपुढे सुनावण्या झाल्या आणि त्याच वर्षी प्रकाशकांनी स्वतःवर बंधनांची एक संहिता घालून घेतली. पण 'चित्रांची पुस्तके म्हणजे वाईट' एवढेच एक वाक्य त्या वादातून जगभर पसरले. आमच्या शाळेपर्यंत ते वाक्य आले ते छडीच्या रूपाने.

आता आपण आपल्या घरी येऊ. मराठीत मुलांसाठी लिहिण्याची परंपरा जुनी आहे. वासुदेव गोविंद आपटे यांनी १९०६ साली 'आनंद' मासिक सुरू केले, ते खास मुलांसाठी. पुढे साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली आणि १९३५ मध्ये ती प्रसिद्ध झाली. श्याम चुकतो, हट्ट करतो, पण त्याच्या प्रत्येक चुकीच्या शेवटी डोळ्यांत पाणी येते. त्या पाण्याने महाराष्ट्राच्या कित्येक पिढ्यांची मने धुऊन निघाली. मात्र श्याम होणे सोपे नाही. आमच्यासारख्या पोरांना चुका करायला जमत, पण इतके मनापासून रडायला जमत नसे.

मग ना. धों. ताम्हनकर यांचा गोट्या आला. तो खोडकर, पण मनाने निर्मळ. त्याच्यावर पुढे दूरदर्शन मालिकाही निघाली. भा. रा. भागवत यांनी फुरसुंगीच्या बनेश फेणेला पुण्याच्या विद्याभवन शाळेत घातले आणि सायकलीवर बसवून 'फास्टर फेणे' केले. हा पोरगा चोर पकडतो, संकटात उडी घेतो आणि जिभेने 'ट्टॉक्' असा आवाज काढतो. दिलीप प्रभावळकरांचा बोक्या सातबंडे तर आधी आकाशवाणीवरून मुलांच्या कानांवर पडला आणि नंतर पुस्तकांत गेला. त्याचा आम्हा रेडिओवाल्यांना अभिमान असणे साहजिक आहे.

यात एक क्रम आहे, तो लक्षात घ्या. श्याम हा पश्चात्ताप करणारा मुलगा. फेणे हा पराक्रम करणारा मुलगा. दोघेही मोठे. पण वर्गातली चाळीस मुले ना रोज पश्चात्ताप करतात, ना रोज चोर पकडतात. ती रोज फक्त गृहपाठ चुकवतात. त्या साध्या मुलाचे काय?

त्याची जागा तयार करायला चित्रांनी मदत केली. पाठ्यपुस्तके तयार करणारी 'बालभारती' १९६७ साली स्थापन झाली. तिच्या गणिताच्या पुस्तकांसाठी शि. द. फडणीस यांच्यासारख्या व्यंगचित्रकाराने चित्रे काढली आणि बेरीज-वजाबाकीच्या पानावरही मुले हसू लागली. १९७१ च्या नोव्हेंबरात बालभारतीनेच 'किशोर' मासिक काढले. म्हणजे वाचता वाचता हसायला हरकत नाही, हे सरकारी पुस्तकांनीही हळूहळू मान्य केले होते.

अशा वेळी, २१ नोव्हेंबर १९९१ रोजी, पुण्याच्या 'सकाळ'मध्ये चिंटू आला. चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर ही त्याची निर्माती जोडी. रोजच्या पेपरात तीन-चार चौकटींची एक पट्टी, एवढीच त्याची जागा. एवढ्या जागेत अख्खी वसाहत उभी राहिली. चिंटूचे आईवडील, जिवलग मित्र पप्पू, सदा भांडणारी मिनी, दांडगा राजू, काडीसारखा बगळ्या, नेहा, धाकटा सोनू, गाण्याची हौस असलेला सतीशदादा, आणि कैरीच्या झाडावर डोळ्यांत तेल घालून पहारा करणाऱ्या जोशी काकू. या पट्ट्यांचे पुढे संग्रह निघाले, त्यांचे अनेक भाग झाले. २०१२ साली श्रीरंग गोडबोले यांनी त्यावर चित्रपट काढला आणि पुढच्या वर्षी दुसराही आला.

या पट्टीची रचना पाहा, म्हणजे तिची ताकद कळेल. पहिल्या चौकटीत एक साधा प्रसंग असतो. आई काही काम सांगते, किंवा बाई प्रश्न विचारतात. दुसऱ्या चौकटीत चिंटूच्या चेहऱ्यावर काहीतरी बेत दिसतो. शेवटच्या चौकटीत तो बेत त्याच्यावरच उलटतो, नाहीतर मोठ्या माणसांच्याच शब्दांत त्यांना अडकवतो. शब्द मोजके असतात. पण दोन चौकटींच्या मध्ये जी कोरी फट असते ना, तिथे काय घडले ते वाचणाऱ्याने मनाने जुळवायचे असते. जो मुलगा ती फट जुळवतो, तो निव्वळ अक्षरे ओळखत नाही, तो खरोखर वाचतो. परीक्षेत आपण ज्याला आकलन म्हणतो, ते याहून निराळे काय आहे?

आणि शिक्षेचे काय झाले? बुशने पोरे दळली, डर्क्सने बडवली. चिंटूच्या वाट्याला फार तर आईचे रागावणे येते. तो पराक्रमी नाही, पापीही नाही. तो पकडला जातो, ओशाळतो, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा तसाच हजर. सव्वाशे वर्षांत मोठ्या माणसांचा मुलांकडे पाहण्याचा डोळा किती निवळला, याचा हा चित्रमय पुरावा आहे. कायदा थोडा मागाहून आला. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याच्या सतराव्या कलमाने शाळेत मुलाला मारणे आणि त्याचा मानसिक छळ करणे या दोन्हींना मनाई केली. चिंटूने ते काम वर्तमानपत्राच्या एका कोपऱ्यात आधीच सुरू केले होते.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या मुलांना या सगळ्याचे काय?

गडचिरोली जिल्हा चंद्रपुरातून वेगळा निघाला तो २६ ऑगस्ट १९८२ रोजी. या दोन जिल्ह्यांत मराठी एकच नाही, आणि सगळीकडे घरची भाषा मराठीही नाही. झाडीपट्टीत झाडीबोली, धानोरा-एटापल्लीकडे गोंडी, भामरागडकडे माडिया, सिरोंच्याला तेलुगू, कोरचीकडे छत्तीसगढी, मुलचेरा-चामोर्शीच्या काही गावांत बंगाली. हेमलकशाला लोकबिरादरी प्रकल्पाची शाळा १९७६ साली सुरू झाली तेव्हा मुलांची बोली माडिया आणि पुस्तक मराठी, हीच पहिली अडचण होती. घरी एक भाषा आणि फळ्यावर दुसरी, अशा मुलापुढे दोन पानांचा धडा म्हणजे घनदाट जंगल. त्यात त्याला पायवाट हवी असते. चित्रांची पट्टी ही अशी पायवाट आहे. शब्द अडला तर चित्र हात देते, आणि चित्रावरून शब्द कळतो.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. काही वर्षांपूर्वी आमच्या कॉलेजच्या विद्यार्थ्यांचे शिबिर एटापल्ली तालुक्यातील एका गावी होते. आम्ही एक पेटीभर पुस्तके नेली होती. थोरांची चरित्रे होती, बोधकथा होत्या, आणि कोणीतरी चिंटूचे दोन संग्रह टाकले होते. चार दिवसांनी पेटी आवरताना पाहिले, तर चरित्रे कोरी करकरीत आणि चिंटूच्या पानांचे कोपरे दुमडून काळे झालेले. सहावीतला एक मुलगा, जो चार दिवसांत माझ्याशी एक शब्द बोलला नव्हता, तो पुस्तक परत देताना हळूच म्हणाला,

"सर, हा पोरगा आंब्यासाठी भिंतीवर काहून चढते? त्याच्या गावाले जंगल नाही का?"

मी हसलो, पण उत्तर चटकन सुचेना. मुलाचे म्हणणे बरोबर होते. जोशी काकूंच्या झाडाला मालक आहे, कुंपण आहे, म्हणून तिथे कैरीची चोरी आहे. या मुलाच्या गावाला टेंभरे आणि चारे पाडायला कोणाची भिंत ओलांडावी लागत नाही. जवळच धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) गावाने तर २००९ साली आपल्या जंगलावरचा सामूहिक हक्क कायद्याने मिळवला. तिथल्या पोराला भिंतीवरचा विनोद कळायला आधी भिंत कळावी लागते. तरीसुद्धा तो पुस्तक वाचत होता आणि हसत होता. कारण भिंत परकी असली तरी भिंतीवरचा पोरगा त्याचा होता.

पण पुढचा विचार आपण करायला हवा. या मुलाच्या खोड्या कोणत्या? चैत्रात पहाटे मोह वेचायला गेल्यामुळे शाळा बुडते, आणि मास्तरांना सांगायला एक अजब कारण तयार होते. रात्रभर झाडीपट्टीचे नाटक पाहून सकाळी गणिताच्या तासाला डोळा लागतो, आणि जाग आल्यावर तोंडातून खलनायकाचे वाक्य बाहेर पडते. तलावात गळ टाकून बसलेला असताना पलीकडून गुरुजी सायकलीवर येतात. यात विनोद कमी आहे का? टॉप्फरला जिनिव्हाची मुले दिसली, केचमला स्वतःचा डेनिस दिसला, पंडित-वाडेकरांना पुण्याची वसाहत दिसली. प्रत्येकाने आपल्या अंगणातला पोरगा काढला, म्हणून तो जगाला आपला वाटला. मग आपल्या अंगणातला पोरगा कोणी काढायचा?

शिक्षकांना माझी एक विनंती आहे. आठवड्यातून एक तास फळ्यावर तीन चौकटी आखा. मुलांना म्हणा, काल तुम्ही काय खोडी केली ती इथे काढा. चित्र वेडेवाकडे आले तरी चालेल, टॉप्फरच्या रेघाही काही फार सरळ नव्हत्या. पात्राच्या तोंडचे शब्द घरच्या बोलीत लिहू द्या, मग ते गोंडी असोत की झाडीबोली, आणि खाली मराठीत अर्थ लिहायला सांगा. दर आठवड्याच्या चौकटी एका वहीत उतरवून ठेवा. वर्षाच्या शेवटी तुमच्या शाळेचा स्वतःचा संग्रह तयार होईल, आणि त्याला छापखान्याचा खर्च नाही. गावातल्या वडीलधाऱ्यांनाही सांगणे आहे. पोरगा चित्रांचे पुस्तक घेऊन एकटाच हसताना दिसला, तर त्याला उठवू नका. तो वाचतो आहे.

माझ्या जप्त झालेल्या वहीचे काय झाले, ते सांगायचे राहिले. एप्रिलमध्ये निकाल लागला. गुरुजींनी मला खोलीत बोलावले. टेबलाच्या खणातून ती वही काढली. तिचा पुठ्ठा आता सुटत आला होता आणि एका पानावर चहाचा गोल डाग पडला होता. वही माझ्या हातात देऊन गुरुजी थोडे घुटमळले आणि आवाज खाली करून म्हणाले,

"मामाले विचार, दुसरी वही झाली का म्हणा."

गुरुजी आज हयात नाहीत. त्यांच्या प्रश्नाचे उत्तर त्यांनी स्वतःच देऊन ठेवले आहे. त्या वहीच्या शेवटच्या तीस-चाळीस पानांवर मामाने काहीच चिकटवले नव्हते. ती पाने अजून कोरीच आहेत. एटापल्लीच्या त्या मुलाने कधी आपल्या गावचा पोरगा चितारला, तर तो चिकटवायला मी ती राखून ठेवली आहेत.